पडलेल्या माणसाची दिशा

३ फेब्रुवारी २०२५, सोमवार

सुभेदार साहेबांनी रोज लिहायला सांगितलं आहे. "भागवत, तुझ्या डोक्यात काही टिकत न्हाई. चौकशीच्या दिवशी तोंडाला येईल ते बोलशील. लिहीत जा," म्हणाले. म्हणून मंठ्याहून वही आणली. मुखपृष्ठावर वाघ आहे. आतला माणूस लंगडा आहे, पण दुकानदाराला ते कुठं माहीत.

फौजेत मी बारा वर्षं होतो, नायक या हुद्द्यापर्यंत पोचलो. तीन वर्षांपूर्वी डावा पाय घोट्यात आणि गुडघ्यात मोडला. चालतो, पण पायरी आली की आधी तिच्याशी मनातल्या मनात बोलणी करावी लागतात. फौजेच्या डॉक्टरांच्या बोर्डानं अपंगत्व मान्य केलं आणि खाली लिहिलं की याचा सैन्यसेवेशी संबंध नाही, जवान रजेवर होता. मला घरी पाठवलं. बारा वर्षांची साधी पेन्शन चालू झाली, अपंगत्वाची नाही. ती मिळाली तर जालन्यात खोली करायची, लेकीला, पायलला, तिथल्या शाळेत घालायचं आणि बायकोनं, वंदनानं, लग्नामुळं अर्धवट राहिलेलं नर्सिंग पुरं करायचं, असं ठरलं आहे. हे सगळं वंदनानं ठरवलं. माझा हातभार म्हणजे पाय.

अनोळखी लोकांना वाटतं मी सीमेवर जखमी झालो. बसमध्ये उठून जागा देतात. "कुठं लागली गोळी साहेब?" विचारतात. मी खिडकीबाहेर बघत म्हणतो, "लई लांब." खरं म्हणजे गावच्या नाल्यात पडलो. नाल्यावर विजेचा जुना सिमेंटचा खांब आडवा टाकला आहे, त्यावरून सगळं गाव ये-जा करतं. म्हाताऱ्या बाया डोक्यावर गवताचा भारा घेऊन जातात. पलटणीत अडथळ्यांच्या शर्यतीत ओंडक्यावरून पळण्यात माझा पहिला नंबर असायचा. त्याचा कप घरात आहे. मायनं त्यात हळकुंडं ठेवली आहेत.

पडलो तेव्हा पाठीवर किटबॅग होती. बॅगेला काही झालं नाही. ठेच्याच्या बरणीचं झाकण तेवढं निघालं. आजही मोबाइल चार्जिंगला लावला की वायरला लसणाचा वास येतो.

५ फेब्रुवारी, बुधवार

केस काय आहे ते आज लिहितो. लिहिताना मलाही समजेल.

त्या वेळी रजा संपवून पंजाबला पलटणीत हजर व्हायचं होतं. निघायचा दिवस मंगळवार आला. मंगळवारी उत्तरेला दिशाशूळ, म्हणजे त्या दिवशी त्या दिशेनं निघू नये. हे रेल्वेला माहीत नसतं. पण आमच्याकडं यावर तोड आहे, प्रस्थान ठेवायचं. आदल्या चांगल्या दिवशी आपलं सामान घरातून काढून, जायच्या दिशेला दुसऱ्याच्या घरी नेऊन ठेवायचं. प्रवास त्या दिवशीच सुरू झाला असं धरतात. मग मंगळवारी निघालं तरी मंगळवारी निघालो असं होत नाही. अट एवढीच की त्यानंतर माणसानं मागं फिरायचं नाही.

माय म्हणजे साळूबाई या बाबतीत गावाचं पंचांग आहे. तिनं सोमवारी माझी बॅग कडूबा आबाच्या आखाड्यावर नेऊन ठेवली. आखाडा म्हणजे शेतातलं खोपट, गावाच्या उत्तरेला. त्याच्या पुढं नाला, नाल्यावर तो खांब आणि पलीकडं वाटूरच्या रस्त्याचा फाटा. त्या रात्री मलाही तिथंच झोपायला पाठवलं, कारण माझ्यावर तिचा भरवसा नव्हता.

फौजेचा नियम असा की रजेवरून परत यायला निघालेला जवान वाटेत जखमी झाला तर तो ड्युटीवर होता असं धरतात. म्हणजे प्रश्न एकच, मी निघालो होतो की नव्हतो? पलटणीतल्या कागदांवर लिहिलं होतं, 'जवान गावातील शेतात पडला.' त्यावरून पेन्शन गेली.

सुभेदार धम्मपाल साहेब आमच्याच गावचे, निवृत्त. आसपासच्या फौजींची कामं फुकट करतात. ते बौद्ध. मुहूर्त, दिशा, शूळ या सगळ्याला ते एकच शब्द वापरतात, तो वहीत लिहीत नाही. पण माझी हकिगत ऐकून तेच ताडकन उठले. "मी मानत न्हाई. पण तू मानतोस ना? तुझ्या मायनं मानलं ना? मंग तुमच्या हिशोबानं तू सोमवारीच निघाल्तास. सामान घराबाहेर, माणूस घराबाहेर. अजून काय पाहिजे?" त्यांनी वकिलामार्फत, फौजींच्या तक्रारी ऐकणाऱ्या लवादापुढं प्रस्थान मांडलं. लवादानं फौजेला सांगितलं, गावात जाऊन नीट चौकशी करा आणि मग निर्णय द्या. पुढच्या महिन्यात अधिकारी येणार.

आता एक गोष्ट. मी पडलो तेव्हा फाट्याकडं नव्हतो चाललो. पहाटे फाट्यावर पोचलो होतो, बसला वेळ होता, आणि आठवलं की मोबाइलचा चार्जर घरी राहिला. बॅग तिथं ठेवून येणं फौजीला शोभत नाही म्हणून पाठीवर घेतली आणि मागं फिरलो. खांबावर आलो आणि पडलो. कडूबा आबानं मला शोधलं तेव्हा मी नाल्यात आडवा होतो. बॅग पाठीवर, बूट पायात. सगळ्यांना वाटलं बसला चाललो होतो.

हे फक्त साहेबांना सांगितलं आहे. त्यांनी डोळे मिटून घेतले. मग म्हणाले, "तुला आजवर कुणी इचारलं, कोणीकडं तोंड व्हतं म्हणून?"

"न्हाई."

"मंग सांगू बी नको. पडलेल्या माणसाला दिशा न्हाई राहत."

मायला सांगायचा तर प्रश्नच नाही. प्रस्थान ठेवल्यावर मागं फिरणं म्हणजे तिच्या लेखी काय आहे ते मला माहीत आहे. लंगडा असलो तरी मला जगायचं आहे.

११ फेब्रुवारी, मंगळवार

मायचा आज उपवास. मी पडल्यापासून ती मंगळवार धरते. पेन्शनसाठी असणार. मी म्हणालो, "माय, लवादाला तुझ्या उपवासाचं कळवलं का?" ती हसली नाही.

चौकशीत तिचीही साक्ष होणार म्हणून ती तयारी मात्र फार मनापासून करते. आज कडूबा आबा दारावरून चालले होते, तर त्यांना थांबवून विचारलं, "आबा, मी पिशवी ठेवली तवा दिवे लागले व्हते का वो?" आबा म्हणाले, "न्हाई साळूबाई. उजेड व्हता." थोडं पुढं गेले तर परत हाक मारली. "बराबर आठवतं का तुम्हाला?" हाच प्रश्न ती त्यांना मागंही विचारायची. साक्षीदार असावा तर असा. मी मात्र अजून फौजेचा तो नियमही पाठ केलेला नाही.

१६ फेब्रुवारी, रविवार

आज सराव. साहेब अधिकारी झाले, मी मीच. घर, आखाडा, खांब, फाटा अशी सगळी वाट चाललो. खांबाजवळ साहेबांनी विचारलं, "जवान, यहाँ क्या हुआ?" मी म्हणालो, "पडलो." ते म्हणाले, "कसा पडलो ते सांग की." मी म्हणालो, "व्यवस्थित पडलो." त्यांनी कपाळाला हात लावला.

साहेबांची स्वतःची तयारी जोरात आहे. मायजवळ बसून सगळे वार आणि सगळ्या दिशा पाठ केल्या. मी सहज म्हणालो की गुरुवारी पश्चिमेला शूळ असतो. तर तेच खेकसले, "गुरुवारी दक्षिणेला! शुक्रवारी पश्चिमेला! तुझीच केस हाय आन् तुलाच ठावं न्हाई?" घरी त्यांच्या बाईसाहेब आता त्यांना भटजी म्हणतात. ते म्हणाले, ही केस जिंकली की पुन्हा आयुष्यात प्रस्थान हा शब्द उच्चारणार नाही.

माय साहेबांना सगळं सांगत होती, पण खाली मान घालून. पूर्वी हे सांगताना तिचा आवाज चढायचा. साहेब म्हणाले, "वहिनी, दिवे लागल्यावर ठेवलं तर चालतं का?" तिच्या हातातलं सूप खाली पडलं. गहू सगळे अंगणभर. पायलनं आणि कोंबड्यांनी मिळून गोळा केले.

२३ फेब्रुवारी, रविवार

चांगुणाबाई आली होती. लेकीला सासरी धाडायचं, कोणता वार बरा म्हणून. पूर्वी मायकडं अशा बाया रोज यायच्या. माय म्हणाली, "मला इचारू नको बाई. मला काही कळत न्हाई." चांगुणाबाई हिरमुसून गेली.

मला बरं वाटलं. माय सुधारली. साहेबांच्या संगतीचा परिणाम. वंदनाला तसं म्हणालो तर तिनं माझ्याकडं असं बघितलं की मी वही काढून लिहायला बसलो.

९ मार्च, रविवार

थंडी सरली तरी पहाटे पाय ठणकतो. माय रोज तेल गरम करते, लसूण घालते, वाटी उंबऱ्यात ठेवते आणि वंदनाला हाक मारून निघून जाते. तीन वर्षांत तिनं एकदाही माझ्या पायाला हात लावलेला नाही. दवाखान्यातसुद्धा उशाशी बसायची, पायथ्याशी नाही. लहानपणी काटा मोडला तरी तीच काढायची, बापाला काढू द्यायची नाही. मला याचं वाईट वाटतं. इथं लिहितो, कारण बोलून दाखवायला लाज वाटते. बाप्या माणसानं आईनं तेल लावलं नाही म्हणून रुसावं का?

तरी आज वंदनाला म्हणालोच, "मायला माझ्या पायाची किळस येती का गं?"

वंदना तेल चोळता चोळता थांबली. "तुम्हाला खरंच कळत न्हाई का वो?"

"काय?"

"काही न्हाई. पाय सरळ करा."

तिनं सांगितलं असतं तर बरं झालं असतं. पण ती म्हणते, माय-लेकाच्या मधात तिनं बोलायचं नाही. एरवी सगळ्यात बोलते.

१७ मार्च, सोमवार

उद्या अधिकारी येणार. नेमका मंगळवार. माय म्हणाली, "उद्या कशाला येऊन राह्यले?" मी म्हणालो, "फौजेत दिशाशूळ नसतो." ती आत गेली.

वंदनानं खुर्च्या पुसून ठेवल्या. मी कप घासला, हळकुंडं काढून. मग वाटलं कप बघून अधिकारी विचारेल, ओंडक्यावरून पळणारा खांबावरून कसा पडला? हळकुंडं परत ठेवली.

साहेब शेवटचं सांगून गेले. "कमी बोल. इचारलं तेवढंच बोल. सही मागितली की सही कर." एवढं मला जमेल. वंदनानं जालन्यातल्या एका खोलीबद्दल फोनवर बोलणं केलं आहे. खिडकी मोठी आहे म्हणे. पायलनं खिडकीत बसायची जागाही ठरवून टाकली.

१८ मार्च, मंगळवार

सगळं झालं. क्रमानं लिहितो.

अधिकारी बाई निघाल्या. मेजर मॅडम, मूळच्या वर्ध्याकडच्या, स्वच्छ मराठी बोलणाऱ्या. सोबत एक क्लार्क. मी सलाम ठोकला. ठोकल्यावर लक्षात आलं की पायात वंदनाची गुलाबी स्लीपर आहे.

मॅडमनी सगळी वाट स्वतः चालून बघितली. खांबावरून गप्पा मारत पलीकडं गेल्या आणि गप्पा मारत परत आल्या. मी अलीकडं उभा होतो. कडूबा आबानं मी कुठं सापडलो ते दाखवलं. "बॅग पाठीवर व्हती साहेब, बूट बांधलेले. गडी ड्युटीवर निघाल्ता." आबांनी हे अगदी मनापासून सांगितलं, त्यांना तसंच वाटतं.

मग अंगणात लिंबाखाली बसलो. प्रस्थान म्हणजे काय ते धम्मपाल साहेबांनी सांगितलं. काय सांगितलं! "मॅडम, आमच्याकडं एकदा प्रस्थान ठेवलं की माणूस निघाला. मंग तो घरचा न्हाई, वाटेचा." ते चक्क 'आमच्याकडं' म्हणाले. मॅडमना पटलं. म्हणाल्या, "माझी आजीही ठेवायची." क्लार्कला लिहायला सांगितलं की जवानानं सोमवारी सामानासह घर सोडलं आणि मंगळवारी पहाटे फाट्याकडे जात असताना तो खांबावरून पडला. मला विचारलंच नाही. कागद माझ्यापुढं सरकवला, पेन दिलं. दारात वंदना उभी होती, पायल तिला चिकटून. वंदनाचा चेहरा मी लग्नातसुद्धा एवढा खुललेला बघितला नव्हता.

तेवढ्यात मॅडम सहज म्हणाल्या, "मावशी, तुम्हाला काही सांगायचंय?"

माय कोपऱ्यात जमिनीवर बसली होती. उठून उभी राहिली. डोक्यावरचा पदर सारखा केला.

"सांगायचं हाय. चूक माझी हाय बाई. त्याचं न्हाई त्याच्यात काही. पिशवी मी उशिरा नेली. दिवे लागले व्हते. आबा म्हणतात न्हाई लागले, ते मला बरं वाटावं म्हणून म्हणून राह्यले. माझ्या घरातला दिवा मी सोताच्या हातानं लावून निघाल्ते. दिवे लागल्यावर ठेवलेलं पस्तान फळत न्हाई. मला ठावं व्हतं. पण त्याचे लाडू बांधायचे व्हते, त्याच्यात उशीर झाला. मी म्हणलं, एवढ्यानं काय व्हतंय. लेकराचा पाय मी मोडला. तुमच्या कागदावर तसं लिहा. त्याला काऊन सजा देऊन राह्यले?"

मग मॅडम हळू आवाजात म्हणाल्या, "मावशी, दिवे लागले होते की नव्हते, याचा केसशी काही संबंध नाही. मी ते लिहिणारसुद्धा नाही." साहेबांनी मोठा श्वास सोडला आणि मला डोळ्यानं खुणावलं. सही कर.

मी मूर्ख आहे हे मला अधूनमधून कळत असतं. पण इतकं एकदम कधी कळलं नव्हतं. मंगळवार, दिव्यांचा प्रश्न, सूप, चांगुणाबाई, तेलाची वाटी. तीन वर्षं माझी आई माझ्या पायाकडं बघू शकत नव्हती आणि मी वहीत विनोद लिहीत होतो.

पेन खाली ठेवलं. "माय, मी मागं फिरल्तो."

"काय?"

"फाट्यावर पोचल्तो मी. बराबर पोचल्तो. खांबावरूनच गेल्तो, काही झालं न्हाई. तुझं पस्तान लागू झालं व्हतं. मीच मागं फिरलो. घराकडं येताना पडलो."

माय दोन पावलं पुढं आली. "पस्तान ठेवल्यावर मागं फिरल्ता?"

"व्हय."

"उंबऱ्याकडं तोंड करून?"

"व्हय."

"अरे मुडद्या!" तिनं माझ्या पाठीत बुक्की मारली. "तीन वर्सं मी मंगळवार धरून राह्यले! तीन वर्सं मला घास गेला न्हाई गोड! आन् तू मागं फिरल्ता?" अजून एक बुक्की. तिसऱ्या वेळी हात पाठीवर तसाच राहिला आणि ती रडायला लागली. मीही रडलो. बारा वर्षांची नोकरी, मेजर समोर, पायात गुलाबी स्लीपर, आणि मी आईच्या पोटाला डोकं लावून रडत होतो.

मॅडमनी क्लार्कला पेन खाली ठेवायला लावलं. आम्ही शांत झाल्यावर विचारलं, "मागे का फिरलात?"

"चार्जर राहिला होता, मॅडम. घरी."

"चार्जर बॅगेतच व्हता," वंदना दारातून म्हणाली. "मी ठेवला व्हता. त्यांच्या डोळ्यासमोर."

मॅडमनी तिच्याकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं, पायलकडं बघितलं. पायल त्या वेळी दोन वर्षांची होती, आदल्या संध्याकाळी मी आखाड्यावर निघालो तर माझ्या बुटाची नाडी सोडत नव्हती. मॅडम कागदाकडं बघत बारीक हसल्या. "मग काय लिहू, नायक भागवत?"

"झालं ते लिहा, मॅडम."

साहेब तोवर उठून जीपची चाकं बघायला गेले होते.

१९ मार्च, बुधवार

साहेब बोलत नाहीत. वंदना बोलते, पण फक्त पायलशी. चार्जर घरी राहिला असं मला त्या पहाटे खरोखरच वाटलं होतं, हे मी तिला दोनदा समजावून सांगितलं. ती म्हणाली, "कळलं मला." काय कळलं ते सांगत नाही.

२५ मार्च, मंगळवार

माय आज जेवली. दोन भाकरी, वांग्याचं भरीत, वर गूळ. जेवताना मला अधूनमधून शिव्या देत होती. आठ दिवस झाले, रोज देते. दोन्ही वेळेस, चवीनं.

संध्याकाळी तेलाची वाटी उंबऱ्यात ठेवली नाही. घेऊन आत आली, बसली, माझा पाय ओढून मांडीवर घेतला. घोट्यापासून वर बोटानं चाचपत गेली. "इथं दुखतं का? इथं?" म्हणाली. मी नाही नाही म्हणत राहिलो. फार दुखत होतं, तिचा हात जड आहे.

२४ जून, मंगळवार

निकाल आला. अर्ज नामंजूर. जवानानं प्रवास सुरू केला होता हे मान्य, पण तो स्वतःच्या मर्जीनं घराकडं वळला, त्यामुळं दुखापतीचा सेवेशी संबंध नाही. प्रस्थान मान्य झालं म्हणून साहेबांना एवढा आनंद झाला की हरलोय हे सांगायला ते विसरले. मग आठवलं तसे संतापले. "विसरलेली वस्तू आणायला गेल्ता असं वर मांडता आलं असतं! पण तुझ्या बायकोनं तो चार्जर बॅगेत कशाला ठेवला?" वंदनालाच विचारायला निघाले होते. मी अडवलं. वर अपील करायचं म्हणतात. करू.

वंदना रडली नाही. भांडी घासली, जोरात, घासलेली पुन्हा घासली. मी जवळ जाऊन बसलो. पातेलं आपटून म्हणाली, "मला राग आलाय. लई आलाय. पण त्या दिवशी तुम्ही सही केली असती तर मला मायसमोर उभं न्हाई राहता आलं असतं." मग म्हणाली, "खोली मी सोडणार न्हाई. तुम्ही काम बघा."

३० जून, सोमवार

काम मिळालं. जालन्यात सैन्यभरतीची एक अकॅडमी आहे, तिथं पोरांना शिकवायचं. काय शिकवायचं ते ऐकून मी फोन बाजूला धरून हसून घेतलं. अडथळ्यांची शर्यत. ओंडक्यावरून पळणे. मी त्यांना पायाचं सांगितलं. ते म्हणाले, तुम्ही पळू नका, ओरडा. ओरडता मला येतं.

उद्या हजर व्हायचं. उद्या मंगळवार, आणि जालना उत्तरेकडंच. दुपारी बघतो तर माय माझी बॅग डोक्यावर घेऊन कडूबा आबाच्या आखाड्याकडं निघाली होती. ऊन रणरणत होतं. "इतक्या जल्दी?" मी म्हणालो. "दिवे लागायच्या लई आधी," ती म्हणाली. वाटेत चांगुणाबाई भेटली. तिला न विचारता सांगितलं की लेकीला गुरुवारी दक्षिणेला धाडू नको.

मी आता आखाड्यावर बसून लिहितो आहे. इथं झोपायचं आहे. खांब इथून दिसतो.

१ जुलै, मंगळवार

बसमध्ये लिहितो, अक्षर हलतं आहे.

पहाटे उठलो. खांबावरून बसून सरकत गेलो. सुशिक्षित माणसानं असंच जावं. फाट्यावर पोचलो आणि बॅग खाली ठेवली. बसला वेळ होता. चार्जर बॅगेत होता, दोनदा हात घालून बघितला, लसणाचा वास आला. तरी काहीतरी घरी राहिलं आहे असं वाटायला लागलं. ते काय आहे हे बॅग चाचपून कळत नव्हतं. पाय आपोआप वळला. डावा, मोडलेला.

वळून बघतो तर खांबाच्या अलीकडं वाटेत मधोमध माय बसलेली, हातात काठी. तिच्या मागं वंदना, डोळे पुसत आणि हसत. वंदनाच्या कडेवर पायल, अर्धी झोपेत. कडूबा आबा कंदील घेऊन उभे. आणि मागं हाताची घडी घालून धम्मपाल साहेब. ते म्हणाले, "मी फिरायला निघाल्तो."

"फिर आता मागं," माय काठी आपटून म्हणाली. "फिर की. कुणासाठी फिरतो ते मला बघायचं हाय. घरी कुणी न्हाई. सगळे हितंच हावोत."